लुसियाँचा डावा कान

मी नेमकं काय काम करायचो हे इथल्या, नेदरलँड्समधल्या आल्मेरेच्या आमच्या मित्रमंडळींना आजतागायत नीट कळलेलं नाही. "म्हणजे तुम्ही संगीतकार?" नाही. "मग वाजवता?" पेटी थोडीफार, पण पोटापुरती तीही नाही. मग समोरचा माणूस भजी उचलतो आणि विषय घरांच्या किमतींकडे वळवतो.

तर एकदा सांगून टाकतो. सिनेमातल्या प्रसंगांच्या मागे जे संगीत वाजतं, ते लिहिणारा माणूस पियानोवर बसून पेन्सिलीने एका मोठ्या कागदावर सगळ्या वाद्यांचं एकत्र लिहितो. खाडाखोड करतो, कॉफी सांडतो. तो कागद माझ्याकडे यायचा. मी तो स्वच्छ करून त्यातून प्रत्येक वादकाचा वेगळा कागद काढायचो. व्हायोलिनवाल्याला व्हायोलिनपुरतं, बासरीवाल्याला बासरीपुरतं. याला पार्ट काढणं म्हणतात. रेकॉर्डिंगच्या सकाळी चाळीस स्टँडवर चाळीस बिनचूक पार्ट लागलेले असले की माझं काम संपलं. काम तसं कारकुनाचं, पण त्याला कान लागतो. सूर कुठे चुकलाय हे कागदाकडे बघून ऐकू आलं पाहिजे.

इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकाच्या संपादिका सुनीताताई म्हणाल्या, "सिनेमातले गमतीदार किस्से लिहा की. हलकंफुलकं." किस्से आहेत, देतो. पण लिहायला बसलो की प्रत्येक वेळी एकच गोष्ट समोर येते आणि ती हलकी नाही. मला तिची लाज वाटते. असलं काही दिवाळी अंकात लिहावं का, असं मी मंजिरीला, माझ्या बायकोला, विचारलं. ती म्हणाली, "फराळात एखादी चकली जळकी निघतेच. लिही."

मुंबईत मी बारा वर्षं अण्णांच्या हाताखाली काढली. अण्णा अरेंजर होते. संगीत दिग्दर्शक चाल बांधायचे आणि ती वाद्यांत बसवायचं काम अण्णांचं. पांढरा शर्ट, खिशात चार पेन्सिली आणि एक खोडरबर. एकदा एका मोठ्या साहेबांनी अंतऱ्यात भलताच सूर धरला. सगळ्या वादकांना कळलं, एक जण खोकलासुद्धा. अण्णांनी "वा साहेब" म्हटलं, चहा मागवला, आणि चहा येईपर्यंत खोडरबराने तो सूर जागेवर आणून ठेवला. गाणं गाजलं. साहेब सगळीकडे सांगत फिरले की अंतऱ्याची ती जागा मला स्वप्नात सुचली. अण्णा नुसते हसले. मला त्यांनी नियम सांगितला, "श्रीधर, साहेबांची चूक कागदावरच मेली पाहिजे. ती हवेत जाता कामा नये, आणि साहेबांच्या कानावर तर मुळीच नाही." मला हा नियम फार आवडला. त्यात अदब होती, कसब होतं, आणि आपण साहेबांपेक्षा शहाणे असल्याचं गुपचूप सुखही होतं.

सिनेमांना संगीत देणाऱ्या लुसियाँची आणि माझी गाठ मुंबईतच पडली. ते एका सिनेमासाठी आपल्याकडची वाद्यं रेकॉर्ड करायला आले होते. मी एका दिवसात त्यांचे सगळे पार्ट काढून दिले. त्यांनी कागद उजेडात धरून पाहिले आणि विचारलं, "हे अक्षर कुणाचं?" सहा महिन्यांनी त्यांच्या छोट्या कंपनीने मला नेदरलँड्सला बोलावून घेतलं. सरकारी परमिटवर मी 'हायली स्किल्ड मायग्रंट', म्हणजे अतिकुशल परदेशी कामगार, झालो. माझ्या आईने हे शब्द लिहून घेतले आणि चाळीतल्या सगळ्यांना वाचून दाखवले. त्या परमिटची एक अट असते, ती आईला मी सांगितली नाही. नोकरी आहे तोवर तुम्ही स्किल्ड. नोकरी सुटली की तीन महिन्यांत दुसरी शोधायची, नाहीतर सामान बांधायचं. सलग पाच वर्षं काढली की कायमचं राहायला मिळतं.

लुसियाँ मूळचे फ्रान्सचे. एका डच बाईंच्या प्रेमात पडून हेगला आले. बाई काही वर्षांनी आजाराने गेल्या, हे मात्र इथेच राहिले आणि शेजारच्या रायस्वाइकमध्ये त्यांनी स्टुडिओ थाटला. त्यांनी पहिल्याच दिवशी बजावलं, "मला लुसियाँ म्हण." पंचवीस वर्षांनी मोठ्या माणसाला नावाने हाक मारणं माझ्या जिभेला जमेना. मी 'मस्ये' म्हणायचो, फ्रेंचमध्ये साहेब म्हणतात तसं. ते वैतागायचे, मग सवय झाली. आमचं बोलणं मोडक्या इंग्रजीत चालायचं, दोघांचीही मोडकी. इथे मी ते मराठीत लिहितोय.

या माणसाचे धंदे किती सांगू. वयाच्या विसाव्या वर्षी पॅरिसमध्ये नाटकात कामं करायचे, बहुतेक नोकराची. "जेवण तयार आहे" हे वाक्य मी फ्रान्समधल्या प्रत्येक गावात म्हटलं आहे, असं ते सांगत. नाटकं मिळेनाशी झाली तेव्हा सिनेमांना संगीत देऊ लागले. संगीताचं काम आटलं की रहस्यकथा लिहायचे, तीन वेगवेगळ्या नावांनी. त्यातल्या एका कादंबरीत त्यांनी एका निर्मात्याचा खून केला होता आणि खऱ्या निर्मात्याने ती वाचून तक्रारही केली होती. आणि अधूनमधून पडद्यावरही दिसायचे. पोस्टमन, पाद्री, कोर्टातला कारकून. एकदा ते प्रेत झाले होते आणि त्याच सिनेमाचं संगीतही त्यांचंच होतं. दिग्दर्शक म्हणाला, प्रेताच्या प्रसंगाला संगीत जरा चैतन्याचं झालंय. लुसियाँ म्हणाले, "आतून मला तसंच वाटत होतं."

मलाही त्यांनी एकदा पडद्यावर ढकललं. एका मालिकेत भारतीय डॉक्टर हवा होता. माझं एकच वाक्य होतं, "आम्ही शक्य ते सर्व केलं." अकरा टेक झाले. दर वेळी मी 'केलं' म्हणताना हसायचो. शेवटी मला मास्क लावला.

गिऱ्हाइकंही एकेक नमुनेदार. समुद्राच्या बांधांवर माहितीपट करणारा एक दिग्दर्शक होता. त्याला शांतता हवी होती, पण चाल असलेली. दुसऱ्या एका बाईंनी आमचं संगीत ऐकून सांगितलं, "छान आहे, पण यात फार फर्निचर आहे." लुसियाँनी मान डोलावली, बासरीवाल्याला एक ओळ कमी दिली आणि परत पाठवलं. बाई म्हणाल्या, "आता खोली मोकळी वाटते." लुसियाँना अशा माणसांचा राग येत नसे. ते म्हणायचे, एका दाराने हाकललं की मी दुसऱ्या दाराने आत येतो, माझ्या घराला तीन दारं आहेत. मी हे शंभरदा ऐकलं आणि शंभरदा हसलो. त्याचा अर्थ तेव्हा लक्षात घेतला असता तर हा लेख लिहावा लागला नसता.

चौथ्या वर्षाच्या सुरुवातीला एका सकाळी पार्ट काढता काढता मी थबकलो. व्हायोलिनची वरची ओळ चुकली होती. एखादा सूर नाही, उंच स्वरांची सगळी ओळच अर्ध्या सुराने खाली लिहिली होती. खालची वाद्यं बरोबर, फक्त वरची चुकलेली. मला वाटलं, दमले असतील. मी माझ्या कॉम्प्युटरवर ओळ दुरुस्त केली आणि पार्ट छापले. पुढच्या आठवड्यात तेच. त्याच्या पुढच्या आठवड्यातही तेच.

मग इतर गोष्टी दिसू लागल्या. सायकलवरून मागून येणारा माणूस घंटी वाजवून वाजवून थकायचा, हे बाजूला होत नसत. चहाची किटली शिट्टी मारायची, हे वाचत बसलेले असत. डावीकडून बोललं की मान फिरवून विचारत, "काय?" पियानोवर बरोबर पट्टी दाबली तरी ती त्यांना चढी ऐकू येत असणार, म्हणून शेजारची पट्टी शोधून तोच सूर लिहीत होते. त्यांच्या डाव्या कानात काहीतरी बिघडलं होतं आणि ते त्यांना ठाऊक नव्हतं.

मला ठाऊक होतं आणि मी काही बोललो नाही.

रस्त्याने जाताना मी त्यांच्या डाव्या बाजूने चालू लागलो, म्हणजे सायकल आली तर मी त्यांना हलकेच ओढून घ्यायचो. किटली मी उतरवायचो. सूर मी दुरुस्त करायचो. रेकॉर्डिंगला उभं राहून वादकांना खुणा करायच्या, म्हणजे कंडक्ट करायचं, तर ते माझ्या छापील प्रतीवरून करायचे. तिच्यात सगळं बरोबर असायचं. वादकांपुढे सगळे सूर खालपासून वरपर्यंत जुळून यायचे आणि चुकलेलं काही वाजतच नसल्यामुळे त्यांना शंका येत नव्हती. अण्णांचा नियम मी रायस्वाइकमध्ये तंतोतंत पाळत होतो आणि मला त्याचा अभिमान वाटत होता. घरी मंजिरीला सांगितलं तेव्हा तिने विचारलं, "अरे, पण डॉक्टरकडे नको का जायला त्यांना?" मी म्हणालो, "संगीतकाराला कान गेला म्हणून सांगायचं? मोडून पडेल माणूस." मंजिरी तेव्हा डच शिकत होती आणि सई, आमची मुलगी, इथल्या शाळेत नुकती रुळली होती.

त्या वर्षी गणपतीला आम्ही फेल्डहोवनला गेलो होतो. नितीन, माझा पुण्याचा जुना मित्र, तिथे चिप बनवण्याच्या यंत्रांवर काम करतो. आरती झाल्यावर मोदक खात तो सांगत होता, "आमच्याकडे काल आलेला इंटर्नसुद्धा बॉसला तोंडावर सांगतो, तुझा आकडा चुकलाय. सुरुवातीला मला घाम फुटायचा रे. पण इथे चूक सांगितली म्हणून नोकरी जात नाही, लपवली म्हणून जाते." मी म्हणालो, "यंत्रांचं ठीक आहे. कलेत तसं नसतं." आणि दुसरा मोदक घेतला. मला आठवतं, तो मोदक मी ताटात तसाच ठेवून दिला.

कारण खरं कारण मला माहीत होतं. लुसियाँना कळलं असतं तर त्यांनी संगीत थांबवलं असतं. संगीत थांबलं की स्टुडिओ बंद, स्टुडिओ बंद की माझी नोकरी बंद. परमिटची पाच वर्षं पुरी व्हायला तेव्हा दोन वर्षं बाकी होती. मी रोज कॅलेंडरवर ते महिने मोजत होतो. गुरूची अदब, माणसाचं मन मोडू नये, कलेत तसं नसतं, ही सगळी वर घातलेली रंगीत पिठी होती. खाली पीठ एकच होतं, की मला इथे राहायचं होतं.

पाच महिने बाकी असताना ते रेकॉर्डिंग झालं. समुद्रकाठी एकटी राहणाऱ्या एका बाईचा सिनेमा होता, मोठा वाद्यवृंद होता. त्या सकाळी लुसियाँनी शेवटच्या भागात पेन्सिलीने दोन बदल केले आणि ते हाताशी असावेत म्हणून माझी छापील प्रत बाजूला सारून आपली हस्तलिखित वहीच स्टँडवर घेतली. मी काचेपलीकडच्या खोलीत बसलो होतो. ती चुकलेली वही मला तिथून दिसत होती.

अर्ध्या तासाने एका जागी ते थांबले, व्हायोलिनची ओळ नीट सांगण्यासाठी वहीत बघून गुणगुणले. मारेइके नावाच्या बाई पहिल्या व्हायोलिनवर होत्या. त्यांनी गज खाली घेतला.

"लुसियाँ, तू आत्ता गायलास तो सूर माझ्या कागदावर नाही."

"माझ्या कागदावर आहे."

त्या उठल्या, व्हायोलिन काखेत धरून स्टँडपाशी गेल्या आणि वहीत वाकून बघितलं. एक पान उलटलं, दुसरं उलटलं.

"तुझ्या कागदावर चुकलाय. इथेही. इथेही. वरचं सगळंच चुकलंय. तुला ऐकू येत नाही का?"

हा टोमणा नव्हता. छत्री आणली आहेस का, इतक्या साधेपणाने त्यांनी विचारलं. डच माणसं तसंच विचारतात. पण समोर एकोणचाळीस वादक बसले होते.

लुसियाँनी वहीकडे पाहिलं, मग मारेइकेंच्या स्टँडवरच्या माझ्या कागदाकडे, आणि मग मान वर करून काचेतून माझ्याकडे. माझ्या हाताखाली एक बटण होतं. ते दाबलं की माझा आवाज हॉलमध्ये गेला असता. काहीही म्हणता आलं असतं. चूक माझी आहे, छापताना झाली, दहा मिनिटं थांबूया, काहीही. मी बटणावर बोट ठेवलं आणि तसाच बसून राहिलो.

"पार्टमध्ये आहे तेच वाजवा," ते म्हणाले. वही मिटली आणि उरलेलं सगळं रेकॉर्डिंग त्यांनी समोर कागद न ठेवता केलं. इतकं सुंदर त्यांना कंडक्ट करताना मी कधी पाहिलं नव्हतं.

परतताना गाडी मी चालवत होतो. नेदरलँड्समध्ये गाडी चालवणारा डावीकडे बसतो, म्हणजे त्यांचा डावा कान माझ्याकडे होता. त्यांनी सबंध अंग वळवून उजवा कान माझ्याकडे केला आणि विचारलं, "कधीपासून?"

"याच फिल्मपासून," मी म्हणालो.

दुसऱ्या दिवशी स्टुडिओत गेलो तर पाय ठेवायला जागा नव्हती. कपाटातून चार सिनेमांच्या वह्या काढून त्यांनी जमिनीवर मांडल्या होत्या, प्रत्येक वहीशेजारी माझे पार्ट. दुरुस्त केलेल्या प्रत्येक जागेवर लाल पेन्सिलीने गोल. माझ्या कीबोर्डवर मात्र एकच कागद होता. कायम राहण्याच्या अर्जाला कंपनीचं पत्र लागतं, नोकरी चालू आहे आणि चालू राहील असं. मी ते आठवड्यापूर्वी मागितलं होतं. त्यावर त्यांची सही होती.

मी तो कागद उचलून बॅगेत ठेवला आणि म्हणालो, "थँक यू, मस्ये."

"एकोणीस महिने," ते जमिनीकडे बघत म्हणाले. "का?"

तेव्हा मी काय केलं ते लिहायला आत्ताही हात जड होतोय. मी त्यांना गुरुशिष्य परंपरेवर व्याख्यान दिलं. आमच्याकडे गुरूची चूक शिष्य दाखवत नाही. गुरूचं नाव घेताना आम्ही कानाची पाळी धरतो. हो, तेसुद्धा मी धरून दाखवलं, त्या माणसासमोर. अण्णांचा खोडरबर सांगितला. पंधरा एक मिनिटं बोललो असेन. त्यांनी एकदाही मधे तोडलं नाही. शेवटी म्हणाले, "सुंदर पद्धत आहे," आणि वाकून एकेक वही उचलायला लागले. मी मदतीला वाकलो तेव्हा त्यांनी हाताने नको म्हटलं.

हाउसआर्ट्स, म्हणजे इथला घरचा डॉक्टर, पॅरासिटामॉल आणि थोडी वाट पाहा यापलीकडे सहजी जात नाही. लुसियाँना मात्र त्याच दिवशी हॉस्पिटलची चिठ्ठी मिळाली. तपासण्यांना मी बरोबर गेलो. ऐकण्याच्या नसेवर गाठ होती. कॅन्सर नव्हता, सावकाश वाढणारी साधी गाठ. डॉक्टरबाई तरुण होत्या, आकृती काढून समजावत होत्या. गाठ लहान असतानाच आलं तर कान वाचवायला जास्त वाव असतो, आता ती मोठी झाली आहे, काढावी लागेल आणि डाव्या कानाची आशा धरू नये, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं. मग विचारलं, "कामाच्या ठिकाणी कुणाच्या लक्षात आलं नाही? तुमच्या क्षेत्रात तर लगेच लक्षात यायला हवं."

मी त्यांच्या उजव्या बाजूला बसलो होतो. लुसियाँनी माझ्याकडे पाहिलं नाही.

"नाही," ते म्हणाले. "माझ्या आसपास संगीत कळणारं कुणी नव्हतं."

हे त्यांनी मला वाचवायला म्हटलं की मारायला, हे मी तेव्हापासून स्वतःला विचारत आलो आहे. बाईंनी ते वाक्य कॉम्प्युटरवर टाइप करून घेतलं.

ऑपरेशन झालं, डावा कान गेला. एका कानाने संवाद ऐकू येतो, चाळीस वाद्यं एकत्र ऐकून तोलता येत नाहीत. मी वाट पाहत होतो की माणूस आता मोडणार. ते मोडले नाहीत. कंपनी त्यांनी लगेच बंद केली नाही, माझे पाच महिने पुरे होईपर्यंत किरकोळ कामं घेत राहिले. मग पियानो एका शाळेला दिला, कादंबरी लिहायला घेतली, आणि सत्तरी उलटल्यावर एका मालिकेत म्हाताऱ्या बेकरीवाल्याचं काम मिळवलं. ते काम लोकांना आवडलं, तीन सीझन चाललं. उरलेली दोन दारं उघडीच होती. तो माणूस मोडेल हे मी परस्पर ठरवलं होतं. एकोणीस महिने आधी कळलं असतं तर ते त्याच दारांनी बाहेर पडले असते, कदाचित दोन्ही कान घेऊन.

मला कायमचं परमिट मिळालं. आम्ही आल्मेरेला मोठं घर घेतलं. मी दुसऱ्या कंपनीत पार्ट काढत राहिलो आणि गेल्या वर्षी थांबलो. आता ते काम सॉफ्टवेअर करतं. संगीतकाराने चूक केली तर ते जशीच्या तशी छापतं. माझ्यापेक्षा प्रामाणिक आहे. लुसियाँना दर नाताळात फोन करायचो. तब्येत, हवा, मालिका, एवढंच बोलायचो.

गेल्या हिवाळ्यात एका रविवारी मी स्वयंपाकघरात पेपर वाचत होतो. सई वरून खाली आली. आता बावीस वर्षांची आहे, मराठी सगळं कळतं, उत्तर इंग्रजीत येतं. ओव्हन बंद करून ती म्हणाली, "बाबा, हे दोन मिनिटं बीप करतंय. यू डोन्ट हिअर इट?"

"ऐकू येतं मला. लक्ष नव्हतं."

तिने फोनवर काहीतरी लावलं, बारीक शिट्टीसारखा आवाज असेल, आणि माझ्या तोंडाकडे बघत राहिली. "नाऊ?" मी म्हणालो, काही नाही. तिने उभ्या उभ्या हाउसआर्ट्सची अपॉइंटमेंट घेतली. मला राग आला. म्हणालो, "अगं, बापाला असं तोंडावर सांगतात का?"

तिला खरंच कळलं नाही मी काय म्हणतोय. "व्हाय वुड आय नॉट टेल यू?" ती म्हणाली, आणि ओव्हनमधून ट्रे काढायला वळली.

माझं विशेष काही निघालं नाही, वयाचं आहे. पण तिच्या त्या प्रश्नाने मला झोप लागू दिली नाही. सुनीताताईंचा फोन आला तेव्हा मी लगेच हो म्हणालो ते त्यामुळे. इथवर मी चार दिवसांत लिहिलं. लिहून झाल्यावर बरं वाटलं, फार बरं वाटलं, आणि मग लक्षात आलं का बरं वाटतंय. मी कबुली मराठीत दिली होती. ज्याने वाचावी त्याला मराठी येत नाही. अण्णांचा नियम मी अजूनही पाळत होतो.

म्हणून गेल्या शनिवारी कागद घेऊन रायस्वाइकला गेलो. लुसियाँ आता एका वृद्धाश्रमात राहतात. ऐंशी ओलांडली आहे, काठी आहे, मिशा आहेत. खालच्या कॉफीच्या खोलीत बसलो. मी त्यांच्या उजव्या बाजूला खुर्ची ओढली आणि परिच्छेद परिच्छेद इंग्रजीत सांगत वाचू लागलो. प्रेताच्या संगीताला ते हसले. मारेइकेंच्या जागी डोळे मिटून घेतले. सही केलेल्या कागदापाशी आलो तेव्हा त्यांनी काठी माझ्या कागदावर ठेवली.

"ती सही मी त्या दिवशी सकाळी सहाला केली," ते म्हणाले. "वह्या मांडायच्या आधी. मला वाटलं, याला परमिटची भीती असणार. आधी ती काढून टाकू, मग विचारू. मग हा खरं सांगेल."

काठी अजून माझ्या कागदावरच होती.

"आणि तू कान धरून दाखवलास."

"हो."

"वाईट अभिनय होता. मी नट आहे, मला कळतं." त्यांनी काठी उचलली. "सही पाहूनही तू बोलला नाहीस, तेव्हा मला वाटलं, कदाचित याची खरंच अशी पद्धत असेल. इतकी वर्षं मी तेच धरून चाललोय. तर आता सांग. का?"

उत्तर माझ्या हातातल्या कागदावर लिहिलेलं होतं, रंगीत पिठीसकट. मी कागद टेबलावर पालथा ठेवला.

"मला परमिट हवं होतं, लुसियाँ."

त्यांनी उजवा कान माझ्याकडे केला. "जरा मोठ्याने."

मी पुन्हा म्हणालो, मोठ्याने. शेजारच्या टेबलावर पत्ते खेळणाऱ्या दोन आजीबाईंनी वळून आमच्याकडे पाहिलं.